शिक्षकांचे लाभ, थकबाकी आणि कोर्टाची मुदत : तारीख नेमकी कुठून मोजायची?

चंद्रपूर_गुरुजी
नमस्कार मंडळी. वरिष्ठ वेतनश्रेणी, एकस्तर (आदिवासी-नक्षलग्रस्त भागात मिळणारी वरच्या पदाची वेतनश्रेणी), वेतननिश्चितीतला फरक, जुनी पेन्शन, जादा दिलेल्या वेतनाची वसुली या विषयांवर इथं वेगवेगळे धागे आहेत, पण मुदतीचा प्रश्न सगळीकडे अर्धवट सुटलाय. पंचायत समितीला अर्ज देऊन पाच-सात वर्षं झालेली असतात. मग कोणी म्हणतं मुदत गेली, कोणी म्हणतं हायकोर्टाला मुदतच नसते. तीन गोष्टी एकदाच स्पष्ट व्हाव्यात. एक, कोणत्या शिक्षकानं कुठं जायचं आणि तिथं किती दिवस असतात. दोन, थकबाकी मागे किती वर्षांची मिळते. तीन, दिलेल्या निवेदनांमुळे मुदत वाढते का. जाणकारांनी तारखा घालून लिहावं.

तारीखवार
सर, आधी नोकरी कोणाची ते पाहा. मुदतीचं गणित तिथूनच वेगळं होतं.

खासगी अनुदानित शाळेतले शिक्षक १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी अधिनियमाखाली येतात. बडतर्फी, सेवेतून काढणं, कोणत्याही प्रकारे सेवा संपवणं, पदावनती, किंवा बढतीत संस्थेनं डावलणं, एवढ्याच बाबतींत कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात अपील करता येतं. मुदत ३० दिवस, आदेश हातात पडल्यापासून. आदेशावर छापलेली तारीख इथं धरत नाहीत. ५ जूनला आदेश मिळाला तर ५ जून सोडायचा आणि ६ जूनला पहिला दिवस धरायचा, म्हणजे तिसावा दिवस ५ जुलै. पुरेसं कारण दाखवलं तर न्यायाधिकरण उशीर माफ करू शकतं, तशी तरतूद त्याच कलमात आहे. वेतनश्रेणी किंवा थकबाकीचा वाद मात्र या न्यायाधिकरणात चालत नाही. बरेच जण वेतनाच्या प्रश्नावर तिथं अपील टाकतात आणि वर्ष-दीड वर्ष घालवून बाहेर पडतात.

जिल्हा परिषदेचे शिक्षक राज्य शासनाचे थेट कर्मचारी नाहीत, म्हणून त्यांचं प्रकरण मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जात नाही. लाभाच्या प्रश्नावर त्यांचा रस्ता म्हणजे राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात रिट याचिका, आपल्या विदर्भाच्या अकराही जिल्ह्यांसाठी नागपूर खंडपीठात.

शासकीय आश्रमशाळांचे शिक्षक शासनाचे नोकर आहेत. त्यांच्यासाठी मॅटचं नागपूर खंडपीठ. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम १९८५ चं कलम २१ सांगतं की अंतिम आदेश झाल्यापासून एक वर्ष. निवेदन दिलं आणि उत्तरच आलं नाही तर सहा महिने वाट पाहायची आणि त्यानंतर एक वर्ष. उदाहरणार्थ, निवेदन ८ जानेवारी २०२४ ला दिलं, सहा महिने ८ जुलै २०२४ ला संपले, तर मूळ अर्ज (मॅटमधल्या प्रकरणाला हेच नाव आहे) ८ जुलै २०२५ पर्यंत दाखल व्हायला हवा. मधेच २० मार्च २०२४ ला नकाराचं पत्र आलं असेल तर वर्ष त्या तारखेपासून धरायचं. उशीर माफीचा अर्ज इथंही करता येतो.

इटियाडोह
म्हणजे जिल्हा परिषदेच्या शिक्षकाला मुदतच नाही? रिटला लिमिटेशन ॲक्ट (मुदतीचा कायदा) लागू नाही असंच सगळे सांगतात.

तारीखवार
कायद्यात दिवसांची संख्या लिहिलेली नाही, एवढंच खरं. पण उशिराचं समाधानकारक कारण नसेल तर न्यायालय विवेकाधिकार वापरायला नकार देऊ शकतं. याला विलंब आणि हयगय म्हणतात, वकील ‘लॅचेस’ म्हणतात. त्यामुळे ‘मुदत नसते’ या वाक्यावर विसंबून कोणी बसू नये. या एका वाक्यानं आपल्या भागातल्या शिक्षकांचं फार नुकसान केलंय.

वेतन आणि पेन्शनच्या बाबतीत एक मोठी सवलत आहे. चुकीची वेतननिश्चिती ही एकदा होऊन संपलेली चूक नसते. दर महिन्याचं वेतन कमी निघतं तेव्हा ती चूक पुन्हा घडते. एम. आर. गुप्ता विरुद्ध भारत सरकार (१९९५) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं हे मान्य केलं. तिथं १९७८ सालच्या वेतननिश्चितीविरुद्ध रेल्वे कर्मचारी १९८९ मध्ये न्यायाधिकरणात गेला होता. योग्य वेतन ठरवून घेण्याचा हक्क मुदतीत अडकत नाही, मागची थकबाकी मात्र मुदतीत अडकते, असा तो निकाल.

किती मागची, ते तरसेम सिंग प्रकरणात (२००८) स्पष्ट झालं. जवान १९८३ मध्ये सैन्यातून सुटला आणि अपंगत्व निवृत्तिवेतनासाठी १९९९ मध्ये हायकोर्टात गेला. सोळा वर्षं उशीर होऊनही पेन्शन मिळाली, थकबाकी मात्र याचिका दाखल होण्याच्या आधीच्या फक्त तीन वर्षांची. आजही बहुतेक निकालांत हीच तीन वर्षांची रेघ दिसते.

आता हे आकड्यात पाहा. समजा जुलै २०१६ पासून मूळ वेतनात दरमहा २,००० रुपयांचा फरक आहे. याचिका ऑगस्ट २०१९ मध्ये टाकली असती तर जवळजवळ पूर्ण रक्कम हाती आली असती. ऑगस्ट २०२५ मध्ये टाकली तर थकबाकी ऑगस्ट २०२२ पासून. जुलै २०१६ ते जुलै २०२२ हे ७३ महिने गेले, म्हणजे १,४६,००० रुपये, महागाई भत्ता वेगळाच. यापुढेही जितके महिने थांबाल तितके महिने मागच्या टोकाकडून गळत जातील.

म्हणून विनंतीत दोन भाग वेगळे मागा. पहिला, मूळ तारखेपासून काल्पनिक वेतननिश्चिती, म्हणजे रोख रक्कम न देता वेतन कागदोपत्री वाढवत आणणं. दुसरा, तीन वर्षांची रोख थकबाकी. नुसती ‘तीन वर्षांपासून लाभ द्यावा’ अशी मागणी झाली तर मधल्या वेतनवाढी सुटतात आणि पुढची पेन्शन कायमची कमी बसते.

वर्धाकाठ_मॅडम
तारीखवार सर, सेवाज्येष्ठतेलाही हीच सवलत आहे का? केंद्रप्रमुखाच्या बढतीत ज्येष्ठता यादी चुकली असेल तर?

तारीखवार
नाही मॅडम, आणि हा फरक फार महत्त्वाचा आहे. तरसेम सिंगच्याच निकालात हा अपवाद लिहिलाय. ज्या मागणीमुळे दुसऱ्याचे स्थिर झालेले हक्क हलतात, म्हणजे ज्येष्ठता किंवा बढती, तिथं उशीर झालेला दावा ऐकला जात नाही. वेतननिश्चिती सुधारली तर शेजारच्या शिक्षकाचं काही जात नाही, ज्येष्ठता बदलली तर कोणीतरी खाली सरकतं.

तात्पुरती यादी निघाली की दिलेल्या मुदतीत लेखी आक्षेप द्या. अंतिम यादीत तो मान्य झाला नाही तर काही महिन्यांच्या आत याचिका करा. ज्यांची जागा बदलणार त्यांना प्रतिवादी करा, नाहीतर तेवढ्या एका कारणावरही याचिका पडते. बढतीचे आदेश निघून लोक रुजू झाल्यावर नंतर कितीही कागद जोडले तरी उपयोग होत नाही.

आवकजावक
गुरुजींच्या तिसऱ्या प्रश्नावर, निवेदनांमुळे मुदत वाढते का यावर लिहितो, कारण सगळ्यात जास्त प्रकरणं तिथंच मरतात.

निवेदनामागून निवेदन दिल्यानं मुदत वाढत नाही. एस. एस. राठोड विरुद्ध मध्य प्रदेश (१९८९) हा सात न्यायाधीशांच्या पीठाचा निकाल आहे. कायद्यात तरतूद नसलेली, वारंवार दिलेली निवेदनं मुदत पुढं ढकलत नाहीत असं त्यात स्वच्छ म्हटलंय. पुढं सी. जेकब (२००८) आणि एम. के. सरकार (२०१०) या दोन निकालांनी आणखी एक पळवाट बंद केली. पूर्वी लोक जुन्या मागणीवर हायकोर्टात जायचे, ‘आमच्या निवेदनावर निर्णय घ्यायला सांगा’ एवढंच मागायचे, आदेश मिळायचा, कार्यालय नकार कळवायचं आणि त्या नकाराच्या तारखेपासून नवी मुदत मोजायचे. मेलेला दावा अशा नकारानं जिवंत होत नाही. उशीर मूळ कारण घडल्यापासूनच मोजला जातो.

मग निवेदन द्यायचंच नाही का? द्यायचं, पण एक आणि नीट. त्यात सहा गोष्टी असाव्यात : नियुक्ती दिनांक व पद, ज्या शासन निर्णयाखाली लाभ मागता त्याचा क्रमांक व तारीख, लाभ कोणत्या तारखेपासून देय होता, आज किती मिळतं आणि किती मिळायला हवं, जोडलेल्या कागदांची यादी, आणि शेवटी स्पष्ट मागणी. ‘योग्य ती कार्यवाही व्हावी’ ही मागणी होत नाही.

शासन निर्णय शासनाच्या संकेतस्थळावरूनच उतरवा. व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या प्रतीत कधी शेवटचं पान नसतं, कधी जोडपत्र नसतं. निर्णयावर लांबलचक संगणक सांकेतांक असतो, त्याचे पहिले आठ अंक म्हणजे वर्ष, महिना, दिवस. निर्णयाची छापलेली तारीख आणि हे अंक ताडून पाहा.

आता पोच. निवेदनाच्या दोन प्रती न्या. दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का, त्यात तारीख, शिक्क्याच्या रिकाम्या चौकटीत हातानं लिहिलेला आवक क्रमांक आणि लिपिकाची सही, हे चारही हवेत. नुसता गोल शिक्का आणि खाली अस्पष्ट रेघ असेल तर ‘हे आमच्याकडे आलंच नाही’ असं शपथपत्रात येतं. आवक क्रमांक आवक नोंदवहीत सापडतो, शिक्का कुठेच सापडत नाही. आणखी एक : मुख्याध्यापकामार्फत दिलेलं निवेदन मुख्याध्यापकाच्या टेबलावरच राहतं. त्यांच्या जावक क्रमांकाचं अग्रेषण पत्र आणि गटशिक्षणाधिकारी कार्यालयाची आवक पोच, अशी दोन्ही टोकं जुळली पाहिजेत. जमत नसेल तर अग्रिम प्रत स्पीड पोस्टनं थेट शिक्षणाधिकाऱ्यांना पाठवा, आणि पोस्टाच्या संकेतस्थळावरचा पोचल्याचा तपशील त्याच आठवड्यात छापून ठेवा, काही काळानं तो दिसेनासा होतो.

मोहफूल
आवकजावक भाऊ, एकदम बरोबर. यात माहिती अधिकार जोडा. दोन महिने झाले अन् उत्तर नाही, तर १० रुपये शुल्काचा अर्ज टाका. एकच विषय, दीडशे शब्दांच्या आत. मागायचं काय? ‘माझ्या अमुक आवक क्रमांकाच्या निवेदनावरील टिपणीची व शेऱ्यांची प्रत’. ‘निर्णय का घेतला नाही’ असं विचारू नका, कारण विचारलं की ‘ही माहिती नाही’ असं उत्तर येतं. ३० दिवसांत उत्तर नाही तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील, त्यानंतर ९० दिवसांत दुसरं अपील. पण दुसऱ्या अपिलाच्या निकालाची वाट पाहत कोर्ट थांबवू नका. टिपणी मिळाली तर सोन्याहून पिवळं, नाही मिळाली तर अर्जाची प्रत जोडून पुढं चला.

इटियाडोह
एकस्तरचं सांगा नं कोणी. गडचिरोली, गोंदिया अन् मेळघाटात तोच प्रश्न जास्त आहे. थकबाकीपेक्षा वसुलीचा.

मोहफूल
एकस्तरचं मूळ ६ ऑगस्ट २००२ च्या शासन निर्णयात आहे. आदिवासी व नक्षलग्रस्त भागात काम करेपर्यंत वरच्या पदाची वेतनश्रेणी, आणि तिथून बदली झाली की मूळ श्रेणीत परत. गोंधळ होतो दोन जागी. एक, बदली होऊन बाहेर आल्यावर वेतन मूळ टप्प्यावर आणायचं राहून जातं आणि वर्षांनंतर पडताळणीत ‘अतिप्रदान’, म्हणजे जादा दिलेली रक्कम, निघतं. दोन, १२ वर्षांची वरिष्ठ श्रेणी, ज्याला आपण चट्टोपाध्याय म्हणतो, ती लागल्यावर एकस्तर चालू ठेवायचं की थांबवायचं यावरून. दोन्ही ठिकाणी आकडे कार्यालयानं भरलेले असतात, शिक्षकानं खोटी माहिती दिलेली नसते. हा मुद्दा याचिकेत पहिल्या पानावर यायला हवा.

वसुलीच्या बाबतीत रफिक मसीह (१८ डिसेंबर २०१४) हा निकाल तोंडपाठ असावा. वर्ग ३ आणि ४ चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा आदेशापासून वर्षभरात निवृत्त होणारे, आणि वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा दिलेली रक्कम, यांत वसुली करता येत नाही. वरच्या पदाचं काम करून घेऊन त्याचं वेतन दिलं असेल तरीही नाही. शेवटी, वसुली अतिशय अन्यायाची ठरत असेल अशी कोणतीही परिस्थिती. जिल्हा परिषदेचा शिक्षक वर्ग ३ मध्ये येतो.

पण एक अडचण आहे. वेतननिश्चितीच्या वेळी ‘जादा रक्कम आढळल्यास परत करीन’ असं हमीपत्र सगळ्यांकडून घेतलं जातं. जगदेव सिंग (२०१६) प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं अशा हमीपत्राला महत्त्व दिलं. त्या प्रकरणातला कर्मचारी न्यायिक अधिकारी होता, वर्ग ३ चा नव्हता, हा फरक वकिलाला मांडू द्या. सेवापुस्तकात ते हमीपत्र चिकटवलेलं आहे का, त्यावर तारीख कोणती, मजकूर कोणता, हे आधी पाहा.

इथं उशीर करणं फार महागात पडतं. वसुलीचं पत्र आलं की वेतनातून पहिला हप्ता कापला जायच्या आत स्थगिती मागायची असते. सात-आठ हप्ते कापल्यावर कोर्टात गेलात तर न्यायालय विचारतं, इतके दिवस काय केलंत? पत्र मिळाल्याच्या सहीखाली तारीख घाला आणि त्याच आठवड्यात लेखी हरकत द्या. ‘मान्य’ असा शेरा मारून सही करू नका, कितीही घाई केली तरी.

पैनगंगा_४४
संघटनेच्या याचिकेबद्दल लिहितो. ‘आपल्या संघटनेनं केस टाकली आहे, निकाल लागला की सगळ्यांना मिळेल’, यावर विसंबून शेकडो शिक्षक गप्प बसतात. अरविंद कुमार श्रीवास्तव (२०१५) निकालात सर्वोच्च न्यायालयानं दोन्ही बाजू मांडल्यात. एकसारख्या कर्मचाऱ्यांना सहसा सारखाच लाभ द्यावा हा नियम. पण जे कुंपणावर बसून दुसऱ्याच्या निकालाची वाट पाहतात आणि निकाल लागल्यावर जागे होतात, त्यांना विलंबाच्या कारणावरून नाकारता येतं. निकाल संपूर्ण वर्गासाठी दिलेला असेल, म्हणजे धोरणच बदलणारा असेल, तर ती गोष्ट वेगळी.

याचिकेच्या जोडपत्रात आपलं नाव, शाळा आणि अनुक्रमांक आहे का ते डोळ्यांनी पाहा. ‘आहे असं सांगितलं’ यावर थांबू नका. वकीलपत्रावर सही केली नसेल तर नाव असण्याची शक्यता कमीच.

३० जूनचं प्रकरण याचं जिवंत उदाहरण आहे. आपल्याकडे शाळेत नाव घालताना १ जुलै जन्मतारीख लिहिलेले किती शिक्षक आहेत, विचारूच नका. महिन्याच्या पहिल्या तारखेचा जन्म असला की निवृत्ती आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी, म्हणजे ३० जूनला. आणि वेतनवाढ १ जुलैची. वर्षभर काम करूनही शेवटची वेतनवाढ एका दिवसानं हुकायची. ११ एप्रिल २०२३ ला सर्वोच्च न्यायालयानं ती वेतनवाढ देय ठरवली. नंतर थकबाकी किती, यावर ६ सप्टेंबर २०२४ चा आदेश आला आणि २० फेब्रुवारी २०२५ ला तो दुरुस्तीसह कायम झाला. कोर्टात न गेलेल्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासून, त्याआधीची नाही. ज्यांची याचिका किंवा हस्तक्षेप अर्ज दाखल होता त्यांना दाखल केलेल्या महिन्याच्या आधीची तीन वर्षं. ज्यांच्या बाजूचा निकाल अंतिम झाला त्यांना त्या निकालाप्रमाणे.

नोव्हेंबर २०२२ मध्ये याचिका टाकणाऱ्याला नोव्हेंबर २०१९ पासून मिळणार. त्याच्याच शाळेतून त्याच दिवशी निवृत्त झालेल्या, पण घरी बसलेल्याला मे २०२३ पासून. मधले ४२ महिने फक्त दाखल केल्याच्या तारखेनं वेगळे केले.

वर्धाकाठ_मॅडम
जुन्या पेन्शनच्या पर्यायाचंही असंच झालं ना? २ फेब्रुवारी २०२४ चा निर्णय.

पैनगंगा_४४
हो मॅडम. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी जाहिरात निघालेल्या पदावर त्या तारखेला किंवा नंतर रुजू झालेल्यांना एकदाच पर्याय द्यायचा होता, निर्णय निघाल्यापासून सहा महिन्यांत. दिलेला पर्याय अंतिम. ही मुदत कोर्टाची नाही, धोरणातच लिहिलेली आहे, म्हणून उशीर माफीचा नेहमीचा अर्ज इथं चालत नाही. पर्याय मुदतीत दिला पण कार्यालयानं पुढं पाठवला नाही, तर आवक पोच हाच आधार. मूळ जाहिरातीची प्रत लागते. वर्तमानपत्राचं कात्रण नसेल तर नियुक्ती आदेशाच्या संदर्भात जाहिरात क्रमांक असतो, तो धरून जिल्हा परिषदेकडून माहिती अधिकारात प्रमाणित प्रत घ्या.

चंद्रपूर_गुरुजी
सगळ्यांचे मनापासून आभार. अजून एक. हायकोर्टानं ‘आठ आठवड्यांत निर्णय घ्या’ म्हटलं आणि कार्यालयानं घेतलाच नाही, तर?

तारीखवार
अवमान याचिका, आणि तिलाही मुदत आहे. न्यायालय अवमान अधिनियम १९७१ च्या कलम २० प्रमाणे एक वर्ष. आदेशाची प्रमाणित प्रत स्वतः कार्यालयात देऊन आवक क्रमांक घ्या, आठ आठवडे साधारणपणे प्रत मिळाल्यापासून मोजायला लावलेले असतात, आदेशाचं शेवटचं वाक्य वाचा. आठ आठवडे संपले त्या दिवसाची तारीख वहीत लिहा आणि त्यापुढं वर्षाच्या आत याचिका दाखल करा. ‘साहेब करून राहिले, फाइल वर गेली आहे’ असं ऐकत चौदा महिने गेले तर हातातलं मोठं हत्यार जातं.

आणि त्याआधी निर्णय आला, पण तो नकाराचा आला, तर अवमान होत नाही. तो नवा आदेश आहे, त्याला आव्हान द्यायचं. जुन्या याचिकेतली कारणं पुन्हा लिहून भागत नाही, नकाराच्या पत्रातल्या प्रत्येक कारणाला उत्तर द्यावं लागतं.

वकिलाकडे जाताना एक तक्ता हातानं करून न्या. चार रकाने पुरतात : तारीख, कागद, आवक किंवा जावक क्रमांक, त्यातली एक ओळ. दोन तारखांमध्ये सहा महिन्यांहून मोठी पोकळी दिसली की तिथं काय घडलं ते लिहा, आजारपण असेल तर दवाखान्याचे कागद जोडा. न्यायालय नेमकं त्याच पोकळीवर बोट ठेवतं.

मोहफूल
खर्चाचं पण सांगून ठेवतो. महिला, अनुसूचित जाती-जमातीचे आणि दिव्यांग शिक्षक, यांना विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ च्या कलम १२ खाली मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असलं तरी. धारणी किंवा भामरागडच्या शिक्षकानं नागपूरला खेटे घालायची गरज नाही, तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज द्या, तिथून पुढं जातो. जात प्रमाणपत्राची प्रत आणि तो तारखांचा तक्ता जोडा.

इटियाडोह
शेवटचं विचारतो. एकल न्यायाधीशांनी याचिका फेटाळली तर दोन न्यायाधीशांच्या पीठापुढं अपील किती दिवसांत? अन् प्रमाणित प्रत मिळायला महिना लागला तर?

तारीखवार
या अपिलाला लेटर्स पेटंट अपील म्हणतात, ते जिथं चालतं तिथं ३० दिवस. प्रतीसाठी अर्ज केल्याच्या दिवसापासून प्रत तयार होईपर्यंतचे दिवस लिमिटेशन ॲक्टच्या कलम १२ प्रमाणे वगळतात. पण अर्ज करायला जे दिवस घालवले ते वगळले जात नाहीत. म्हणून निकाल लागला त्याच दिवशी प्रतीसाठी अर्ज टाकायला वकिलांना सांगा, आणि प्रतीच्या मागच्या पानावर अर्ज केल्याची, तयार झाल्याची आणि दिल्याची अशा ज्या तारखा असतात, त्यांचा फोटो काढून ठेवा.